वारा अंगावर घेणारा

7 जुलै 2013, रविवार. टूर द फ्रान्सची शंभरावी आवृत्ती. सेंट-जिरोंस ते बान्येर-द-बिगोर हा पिरेनीज पर्वतातला 168.5 किलोमीटरचा टप्पा होता आणि वाटेत पाच घाट होते. आदल्याच दिवशी टीम स्कायच्या ख्रिस फ्रूमने आक्स-त्रुआ-दोमेनचा चढ एकट्याने सर करून एकूण आघाडीची पिवळी जर्सी मिळवली होती. त्या शेवटच्या चढापर्यंत त्याला ताजातवाना आणून सोडण्यासाठी ज्यांनी आपले पाय खर्ची घातले, त्यांत बत्तीस वर्षांचा एक अबोल बेलारूसी होता, वासिल किरियेंका. रविवारी संध्याकाळी निकाल लागला तेव्हा त्याचं नाव यादीतून गेलं होतं. विजेत्याच्या वेळेत ठरावीक टक्के मिळवून दर टप्प्याची मुदत ठरते. जो तिच्या आत पोचत नाही, त्याची टूर तिथेच संपते. किरियेंका पोचला नव्हता. पुढे दोन आठवड्यांनी फ्रूम पिवळ्या जर्सीत पॅरिसला आला, तेव्हा त्याच्या संघातला हा गडी केव्हाच शर्यतीबाहेर गेला होता.

या खेळात अशा गोष्टीला अन्याय मानत नाहीत. रस्त्यावरची सायकल शर्यत म्हणजे मुळात वाऱ्याचा हिशोब. पुढच्या चाकाला चिकटून चालवणाऱ्याची ताकद चांगलीच वाचते, आणि ती वाचवलेली ताकद शेवटच्या चढावर कामाला येते. म्हणून प्रत्येक संघात एक म्होरक्या असतो आणि सात-आठ जण त्याच्यासाठी वारा कापणारे. पाण्याच्या बाटल्या आणायच्या, वेग ठेवायचा, कोणी पळून गेलं तर त्याला पकडून आणायचं, आणि दम संपला की बाजूला होऊन मागे राहायचं. मैफलीत तबल्याची साथ करणाऱ्याचं नाव निदान पत्रिकेवर छापलेलं असतं. इथे निकालपत्रात फक्त पोचण्याची वेळ लिहितात. कोण किती तास सगळ्यांच्या पुढे राहून वारा खात होता, याला रकाना नाही. किरियेंकाची कारकीर्द नुसत्या निकालपत्रावरून वाचली तर निम्मी गळून पडते ती यामुळेच.

त्याचा जन्म 28 जून 1981चा, रेचित्साचा. बेलारूसच्या आग्नेय भागातल्या होमेल प्रांतातलं, नीपर नदीकाठचं हे गाव. त्या वेळी तो सगळा मुलूख सोव्हिएत संघात होता. एप्रिल 1986मध्ये चेर्नोबिलची अणुभट्टी फुटली ती इथून दक्षिणेला जेमतेम शंभर-सव्वाशे किलोमीटरवर, आणि किरणोत्सर्गाचा सर्वांत जास्त मार ज्या भागांना बसला त्यांत होमेल प्रांत होता. किरियेंका तेव्हा पाच वर्षांचाही नव्हता. या माणसाच्या चिवटपणाचं मूळ त्या दुर्घटनेत शोधणं फार सोपं आहे, आणि म्हणूनच ते टाळावं. मूळ शोधायचंच असेल तर ते सोव्हिएत सायकलिंगच्या घडणीत सापडतं.

सोव्हिएत संघाला ऑलिम्पिकमध्ये ज्या शर्यतीचं विशेष अप्रूप होतं, ती चार जणांनी मिळून शंभर किलोमीटर पळवायची सांघिक टाइम ट्रायल. चौघांची एक ओळ. पुढचा थोडा वेळ वारा घेतो, बाजूला होऊन शेपटाला लागतो, मग दुसरा पुढे. कोणी जास्त जोर लावला तर ओळ तुटते, कमी लावला तर वेळ जातो. 1976च्या मॉन्ट्रियल ऑलिम्पिकमध्ये सोव्हिएत चौकडीने हे सुवर्ण जिंकलं, त्यात उलादझिमिर कामिन्स्की हा बेलारूसचा होता. 1980मध्ये मॉस्कोत पुन्हा सुवर्ण आलं, तेव्हा चौघांत अलेह लोहविन हा बेलारूसचाच. 1991मध्ये देश फुटला, पुढे ती शर्यतही ऑलिम्पिकमधून गेली. पण शिकवणारी माणसं आणि शिकवण्याची रीत एका रात्रीत बदलत नाही. एकसारख्या लयीत, चेहऱ्यावर काही न दाखवता, तासभर त्याच जोराने पेडल मारत राहायचं, हा त्या शाळेचा धडा. किरियेंकाला सायकलवर पाहिलेला कोणीही सांगेल की हा धडा त्याच्या अंगात किती मुरला होता. पाठ सपाट, खांदे स्थिर, तोंड बंद. तो थकलाय की नाही हे कळायला मागच्यांना मार्गच नसे.

नव्या बेलारूसची सायकलिंगमधली पहिली ओळख झाली ती मुख्यतः स्त्रियांमुळे. झिनाइदा स्ताहुर्स्काया 2000 साली फ्रान्समधल्या प्लुए इथे रस्त्यावरच्या शर्यतीची विश्वविजेती झाली. ट्रॅकवर नताल्या त्सिलिन्स्कायाने स्प्रिंट आणि 500 मीटरमध्ये विश्वविजेतेपदांची रांगच लावली, शिवाय 2004च्या अथेन्स ऑलिम्पिकमध्ये कांस्य मिळवलं. पुरुषांच्या बाजूला असं काही नव्हतं. ती उणीव किरियेंकाने भरून काढली, तीही आधी लाकडी ट्रॅकवर.

त्याची शर्यत होती पॉइंट्स रेस. पुरुषांसाठी तेव्हा 40 किलोमीटर, म्हणजे 250 मीटरच्या ट्रॅकवर 160 फेऱ्या. दर दहाव्या फेरीला स्प्रिंट, आणि पहिल्या चौघांना 5, 3, 2, 1 असे गुण. पण खरा डाव वेगळा. घोळक्यातून निसटून, अख्खी एक फेरी जास्त मारून, पुन्हा मागून घोळक्याला गाठलं की एकदम 20 गुण. ज्याच्याकडे वेगाचा झटका आहे तो स्प्रिंटवर जगतो. ज्याच्याकडे तो नाही त्याने एकट्याने निसटायचं आणि वारा खात फेरी कमवायची. किरियेंकाच्या पायात झटका नव्हता. शेवटच्या दोनशे मीटरला चार जण बरोबर असतील तर तो चौथा येणार हे गणित त्याने लवकर ओळखलं असावं, कारण पुढच्या सगळ्या आयुष्यात त्याने जे जिंकलं ते एकट्याने निसटून.

मार्च 2008मध्ये मँचेस्टरला ट्रॅकची जागतिक स्पर्धा झाली. यजमान ब्रिटिशांचं तेव्हा राज्य होतं. 18 सुवर्णपदकांपैकी 9 त्यांनी आपल्याकडेच ठेवली. उरलेल्या नऊंपैकी पॉइंट्स रेसचं सुवर्ण किरियेंकाने नेलं. पाच महिन्यांवर बीजिंग ऑलिम्पिक होतं, तिथे मात्र त्याला पदक मिळालं नाही. स्पेनचा होआन यानेरास ती शर्यत जिंकला.

मँचेस्टर आणि बीजिंगच्या मध्ये जे घडलं ते जास्त विलक्षण आहे. किरियेंका तेव्हा टिंकॉफ क्रेडिट सिस्टीम्स या संघात होता. ओलेग टिंकॉव्ह या रशियन उद्योजकाने 2007मध्ये उभा केलेला हा संघ. त्यात मिखाइल इग्नात्येव्हसारखे ट्रॅकवर तयार झालेले पूर्व युरोपी रायडर होते. इग्नात्येव्हनेच अथेन्सला पॉइंट्स रेसचं ऑलिम्पिक सुवर्ण जिंकलं होतं. मे महिन्यात हा संघ इटलीच्या तीन आठवड्यांच्या जिरो द'इतालियाला उतरला. पाव्हेल ब्रुटने पाचवा टप्पा पटकावला. एकोणिसावा टप्पा लेन्यानोहून निघून आल्प्समधून मोंते पोराला संपत होता. त्या दिवशी मागे मोठं नाट्य चाललं होतं. दानिलो दी लुकाने व्हिव्हिओने घाटाच्या उतारावर हल्ला चढवून आघाडीच्या गुलाबी जर्सीतल्या आल्बेर्तो कोंतादोरला घाम फोडला होता. कॅमेरे तिकडे लागले होते, आणि पुढे किरियेंकाने बरोबरच्यांना मागे टाकून टप्पा खिशात घातला. मार्चअखेरीला सपाट लाकडी रिंगणात विश्वविजेता, 30 मेला जिरोच्या डोंगरमाथ्यावर विजेता. ट्रॅकवरचे गडी डोंगरात टिकत नाहीत असा जो समज होता, त्याला या दोन महिन्यांनी चांगलाच छेद दिला.

टिंकॉव्हचा संघ दोनच हंगाम चालला. किरियेंका 2009मध्ये स्पेनच्या केस देपार्न्य संघात गेला. व्यवस्थापक एउसेबिओ उन्सुएचा हा जुना संघ 2011पासून मोव्हिस्टार या नावाने उतरू लागला. स्पेनमधली ही चार वर्षं म्हणजे पुष्कळशी राबणूक, आणि एक असा दिवस जो जिरोच्या इतिहासात राहिला.

2011चा जिरो शोकाने भरलेला होता. तिसऱ्याच टप्प्यावर, 9 मेला, बेल्जियमचा वाउटर वेलांट उतारावर पडून गेला. शर्यत तरी पुढे चालू राहिली. 23 मेला, जिरोच्या विश्रांतीच्या दिवशी, बातमी आली की मोव्हिस्टारचा शावी तोंदो गेला. तो जिरोत नव्हता. दक्षिण स्पेनमध्ये ग्रानादाजवळ सरावाला निघताना गॅरेजच्या दाराशी झालेल्या अपघातात त्याचा जीव गेला होता. वय बत्तीस. त्या हंगामात तो उत्तम लयीत होता, संघात सगळ्यांचा लाडका होता. इटलीत असलेल्या मोव्हिस्टारच्या रायडरांना दुसऱ्या दिवशी पुन्हा खोगिरावर बसायचं होतं, आणि ते बसले.

28 मे, विसावा टप्पा, व्हेर्बानिया ते सेस्त्रिएरे, 242 किलोमीटर. शेवटून दुसरा दिवस. जवळपास तीन आठवडे डोंगर चढून मेटाकुटीला आलेली माणसं आणि समोर कोल्ले देल्ले फिनेस्त्रे. हा घाट साधा नाही. साडेअठरा किलोमीटरचा चढ, सरासरी नऊ टक्क्यांच्या वर, माथा 2178 मीटरवर, आणि शेवटचे सुमारे आठ किलोमीटर डांबरच नाही, नुसती खडी आणि माती. बारीक टायरची सायकल तिथे मागच्या चाकावर घसरते, त्यामुळे उभं राहून जोर लावायची सोय नाही. बसूनच, एका लयीत चढावं लागतं. हा घाट जणू किरियेंकासाठीच खणला होता. सकाळपासून पुढे निघालेल्या गटात तो होता. फिनेस्त्रेच्या चढावर त्याने एकेकाला सोडलं आणि एकटाच माथ्यावर गेला. खाली उतरून सेस्त्रिएरेचा शेवटचा चढही त्याने एकट्यानेच काढला. रेषा ओलांडताना त्याने बोट आभाळाकडे केलं. ते तोंदोसाठी होतं हे कोणाला सांगावं लागलं नाही.

दुसरा आला व्हेनेझुएलाचा होसे रुहानो, 4 मिनिटं 43 सेकंदांनी मागे. जिरोने 2005मध्ये फिनेस्त्रे पहिल्यांदा वाटेवर घेतला होता, तेव्हा सेस्त्रिएरेला जिंकलेला रायडर म्हणजे हाच रुहानो. अशा चिमुकल्या, जन्मजात डोंगरवीराला ट्रॅकवरच्या माणसाने त्याच्याच रस्त्यावर जवळजवळ पाच मिनिटांनी मागे ठेवावं, याची जेवढी चर्चा व्हायला हवी होती तेवढी झाली नाही. तो जिरो कोंतादोरने जिंकला, आणि 2012च्या फेब्रुवारीत क्रीडा लवादाने डोपिंगच्या जुन्या प्रकरणात तो त्याच्याकडून काढून मिकेले स्कार्पोनीला दिला. गुलाबी जर्सीचं नाव कागदावर बदललं. सेस्त्रिएरेच्या टप्प्यापुढचं नाव मात्र तेच राहिलं.

2012च्या सप्टेंबरात नेदरलँड्समधल्या फाल्कनबर्गला जागतिक टाइम ट्रायलमध्ये, म्हणजे एकेकट्याने घड्याळाविरुद्ध पळवायच्या शर्यतीत, त्याने कांस्य घेतलं. पहिला टोनी मार्टिन आणि दुसरा टेलर फिनी यांच्यात पाच सेकंदांचा फरक होता. किरियेंका मार्टिनच्या पावणेदोन मिनिटं मागे होता. तरी त्याच्यासारखा माणूस काय कामाचा आहे हे टीम स्कायने हेरलं आणि 2013साठी त्याला घेतलं.

स्कायची पद्धत सर्वांना ठाऊक आहे. घाटाच्या पायथ्यापासून एकामागून एक गडी अशा वेगाने चालवायचे की कोणाला पळून जायची हिंमतच होऊ नये. टीव्हीवर हे कंटाळवाणं दिसतं, आणि फ्रान्समध्ये त्यावर लोक रागावलेही. पण त्या यंत्रात सगळ्यात जास्त झीज होणारा दाता म्हणजे पहिला. किरियेंका तोच होता. सपाटीवर, लांबलचक दऱ्यांत, घाटाच्या पहिल्या चढावर, जिथे हेलिकॉप्टरमधून दिसणाऱ्या लांब रांगेचं टोक असतं, तिथे तो. 2014च्या टूरमध्ये फ्रूम पाचव्याच टप्प्यावर पडून बाहेर गेला. 2016 आणि 2017मध्ये मात्र फ्रूम जिंकला, आणि दोन्ही वेळा किरियेंका पुढे होता. 2018मध्ये फ्रूमने जिरो जिंकला तो फिनेस्त्रेवरूनच एकट्याने 80 किलोमीटर पळून. त्या संघातही किरियेंका होता. सात वर्षांपूर्वी त्याच खडीवर कोण एकटा गेला होता, हे त्या दिवशी कितीजणांना आठवलं असेल?

2013च्या टूरमधून बाहेर पडल्यानंतरची गोष्टही सांगायला हवी. दोन महिन्यांनी, 12 सप्टेंबरला, स्पेनच्या व्हुएल्ता आ एस्पान्याचा अठरावा टप्पा बुर्गोसहून पेन्या काबार्गाला संपत होता. पुन्हा सगळ्यांचं लक्ष मागे होतं, कारण एक्केचाळीस वर्षांचा ख्रिस हॉर्नर विन्चेन्सो निबालीला चढावर सोडून आघाडीच्या लाल जर्सीपासून फक्त 3 सेकंदांवर आला होता. पुढे एकटा पोचलेला किरियेंका होता. तीन मोठे टप्पे, तिन्ही एकट्याने, आणि बहुतेक वेळा गोष्ट दुसऱ्याचीच चाललेली.

2015 हे वर्ष मात्र त्याचं एकट्याचं. मे महिन्यात जिरोच्या चौदाव्या टप्प्याला त्रेव्हिसो ते व्हाल्दोब्बियादेने अशी 59.4 किलोमीटरची टाइम ट्रायल होती. टीम स्कायचा म्होरक्या रिची पोर्टची स्पर्धा तोवर विस्कटली होती. काही दिवसांपूर्वी चाक पंक्चर झाल्यावर दुसऱ्या संघातल्या दोस्ताचं चाक घेतलं म्हणून त्याला दोन मिनिटांचा दंड बसला होता. या टाइम ट्रायलमध्ये पोर्टने आणखी चार मिनिटांहून जास्त गमावली, आणि किरियेंकाने 1 तास 17 मिनिटं 52 सेकंदांत ती जिंकली. जूनमध्ये अझरबैजानच्या बाकू शहरात पहिल्या युरोपियन गेम्समध्ये त्याच प्रकारात सुवर्ण.

आणि 23 सप्टेंबरला अमेरिकेतलं रिचमंड. जागतिक टाइम ट्रायल, 53.5 किलोमीटर, किंग्ज डोमिनियन या करमणूक-उद्यानापासून शहरापर्यंत. शेवटी गव्हर्नर स्ट्रीटचा छोटा पण खडा चढ. चर्चा होती ती तीन वेळचा विश्वविजेता टोनी मार्टिन, हॉलंडचा टॉम दुमूलाँ आणि ऑस्ट्रेलियाचा रोहन डेनिस यांची. चौतीस वर्षांच्या किरियेंकाचं नाव त्यांच्यामागून यायचं. डेनिसचं चाक पंक्चर झालं, मार्टिन आणि दुमूलाँ दोघेही पदकाबाहेर राहिले. ते दुर्दैव किंवा थकवा म्हणून सोडून द्यावं असं वाटेल, पण 1 तास 2 मिनिटं 29 सेकंद ही वेळ कोणाच्या पंक्चरमुळे येत नाही. तासाला एक्कावन्न किलोमीटरहून जास्त सरासरी. इटलीचा आद्रियानो मालोरी 9 सेकंदांनी दुसरा, फ्रान्सचा जेरोम कोपेल तिसरा. दुसऱ्याला पाठीमागे घेऊन वारा कापायची सवय झालेल्या माणसाला त्या दिवशी पाठीमागे कोणीच नव्हतं, एवढाच काय तो फरक. पुढच्या वर्षी दोहाला वाळवंटातल्या उन्हात तो मार्टिननंतर दुसरा आला.

या काळावर संशयाची सावली आहे, ती टाळून पुढे जाता येणार नाही. 2018च्या मार्चमध्ये ब्रिटिश संसदेच्या समितीने टीम स्कायच्या औषधवापरावर कडक शब्दांत टीका केली. त्याच वर्षी किरियेंकाचा देशबांधव आणि स्कायमधला जुना सहकारी कान्स्तान्त्सिन सिव्त्सोव्ह ईपीओ या बंदी असलेल्या द्रव्याच्या चाचणीत सापडला. किरियेंकावर असा ठपका कधी आला नाही. पण त्या पिढीतल्या कोणाबद्दलही लिहिताना वाचकाला हे माहीत असावं.

2019च्या सुरुवातीला त्याच्या हृदयात दोष आढळला. तरी तो परतला, आणि जूनमध्ये दुसरे युरोपियन गेम्स मिन्स्कमध्ये भरले तेव्हा घरच्या रस्त्यांवर टाइम ट्रायलचं सुवर्ण पुन्हा त्यानेच जिंकलं, अडतिसावा वाढदिवस तीन दिवसांवर असताना. 2020च्या जानेवारीत डॉक्टरांच्या सल्ल्यावरून त्याने सायकल ठेवली. टीम स्कायचं नाव तोवर इनिऑस झालं होतं.

त्याच्यानंतर बेलारूसच्या सायकलिंगचे दिवस फिरले. मिन्स्कमध्ये भव्य व्हेलोड्रोम आहे, 2013मध्ये तिथे जागतिक ट्रॅक स्पर्धाही झाली होती. पण 2021मध्ये युरोपीय ट्रॅक स्पर्धा मिन्स्ककडून काढून घेण्यात आली, आणि मार्च 2022मध्ये, युक्रेनवरच्या आक्रमणानंतर, जागतिक संघटनेने रशिया आणि बेलारूसच्या राष्ट्रीय संघांना स्पर्धांतून वगळलं. पुरुषांची जागतिक टाइम ट्रायल 1994पासून होते आहे. तिच्या विजेत्यांच्या यादीत बेलारूस एकदाच येतं, 2015 या सालासमोर.